हुंकारकड्याच्या तीन गाठी

एका राज्यात एक कडा होता. तसे कडे राज्योराज्यी असतात, पण आमचा कडा हुंकार देई. पायथ्याशी उभे राहून खरे बोला, की वरून आवाज येई, "हुं." आणि हुंकारासरशी त्याच्या कपारीतून पाण्याची धार सुटे. त्या धारेवर सारे राज्य पिके. खोटे बोललात, तर कडा गप्प. ही कहाणी मी आधी त्याच्यापुढे सांगून आलो आहे. ज्या वाक्यांना हुंकार मिळाला नाही ती गाळली, म्हणून ती जरा आखूड झाली आहे.

राजा अरिंजय गादीवर बसला, तेव्हा रिवाजाप्रमाणे भाटाने कड्यापुढे त्याच्या चाळीस पूर्वजांची नावे घेतली. चाळीस हुंकार आले. राजाची छाती फुगली. तो स्वतः पुढे झाला आणि गरजला, "हा कडा आमच्या पूर्वजांनी उभारला!"

कडा गप्प. भर दरबारात राजाचे तोंड काळवंडले.

दरबारात मेघडंबर नावाचा जादूगार होता. राजाची मर्जी राखणे ही त्याची मुख्य विद्या, जादू तिच्या खालोखाल. त्याने मंत्र म्हणून कड्याच्या गळ्याला तीन गाठी मारल्या आणि हात जोडले, "महाराज, आपले बोलणे खरेच. कडाच मुका झाला आहे."

मुका झालेला कडा कोरडाही झाला. आधीच्या हुंकारांनी सुटलेली धार बारा वर्षांत आटत करंगळीएवढी झाली, मग थेंबावर आली, मग कपारीतले शेवाळही वाळले. तेव्हा राजाने पाथरवटांची मुख्य सोनकी हिला बोलावले.

"सोनकी, पाणी कड्याच्या पोटात आहे. कडा फोड."

"महाराज, फोडलेला कडा एकदाच वाहील."

"तहानेला पुढचे दिसत नाही. तिसऱ्या दिवशी सूर्य माथ्यावर आला, की घाव पडला पाहिजे. तुझा नाही पडला, तर सैन्याचा पडेल."

सोनकी फार देखणी होती, असे मी कड्यापुढे सांगून पाहिले. कडा गप्प राहिला. ताठ होती म्हणालो, तेव्हा कुठे हुं केले. ताठ असायला कारणही होते. वसंतोत्सवात कपारीची पहिली घागर भरण्याचा मान तिच्या घराण्याचा होता, कारण ती कपार तिच्या खापरपणज्याने छिन्नीने कोरली, असे सारे राज्य मानत होते. अंगावर फुटका मणी नव्हता, पण या मानावर सोनकी राणीशीही मान वर करून बोले.

पहिल्या दिवशी घाव कुठे बसेल ते पाहायला ती कड्याच्या गळ्यापर्यंत चढली. तिथे एक भारद्वाज पक्षी बसला होता. त्याला माणसाची भाषा येत होती.

"सोनकी, काय शोधतेस?"

"दगडाचा सांधा."

"सांधा नाही, गाठी आहेत. मेघडंबराकडे दोर नव्हता. राज्यात मिरवलेलं खोटं त्यानं गोळा केलं आणि त्याचाच दोर वळला. ज्याचं त्यानं इथं येऊन टाकलं, की गाठ सुटते. पहिली तुझी, दुसरी प्रजेची, तिसरी राजाची."

"माझी? मी काय खोटं मिरवलं?"

"कपारीवरून हात फिरव."

सोनकीने हात फिरवला. छिन्नीची एकही खूण नव्हती. दगड पाण्याने झिजून गुळगुळीत झाला होता. तिला नवल वाटले नाही, रडू आले. दहाव्या वर्षी पहिली घागर भरली, तेव्हाच तिच्या बोटांना हे कळले होते. बोटांना कळलेले तिने आजवर तोंडापर्यंत येऊ दिले नव्हते.

ती मोठ्याने म्हणाली, "ही कपार आमच्या खापरपणज्यानं कोरली नाही. पाण्यानं कोरली. घागरीचा मान आमचा नाही."

पहिली गाठ तटकन तुटली.

दुसऱ्या दिवशी ती गावात गेली. तिथे काय, घरोघरी मातीच्या चुली! गुरव म्हणे, कड्याला वाचा आमच्या आजीच्या नवसाने फुटली. कुंभार म्हणे, कड्याची माती आमच्या चाकावरची. गुरव तर भडकलाच. "तुझा मान गेला, म्हणून आता आमचा घालवायला निघालीस काय?"

"मी आधी माझा घालवला, मग तुमच्या दारात आले," सोनकी म्हणाली.

गुरव दार ओढून तिच्यामागे निघाला. संध्याकाळच्या आत सारे गाव कड्याखाली आले आणि खाली मान घालून एकेक बढाई टाकून गेले. दुसरी गाठ तुटली.

तिसऱ्या दिवशी राजा सैन्यासह आला. सूर्य माथ्यावर यायला घटकाभर उरली होती.

"घाव घाल," राजा म्हणाला.

सोनकीने हातोडा राजाच्या पायाशी ठेवला. "महाराज, दोन गाठी सुटल्या. तिसरी आपली आहे. त्या दिवशी बोललात ते मागं घ्या."

"मागे घेऊ? मग राजाने मिरवावे काय?"

"चाळीस हुंकार थोडे होते का, महाराज?"

सूर्य माथ्यावर आला. सैनिकांनी पहारी उचलल्या होत्या. राजाने त्यांना हाताने थांबवले, डोक्यावरचा मुकुट काढून काखेत धरला आणि कड्याकडे पाहून म्हणाला, "हा कडा आमच्या पूर्वजांनी उभारला नाही. त्यांनी याच्या पाण्यावर राज्य केले. मीही तेच करतो."

तिसरी गाठ तुटली.

"हुं," कडा म्हणाला. बारा वर्षांचे अडलेले पाणी कपारीतून कोसळले आणि राजा, सैनिक, गुरव, कुंभार सगळे एकसारखे भिजले.

मेघडंबर लगबगीने पुढे आला. "माझ्याच मंत्राने बंध सुटला!"

कडा गप्प. प्रजा पोट धरधरून हसली. मेघडंबर त्याच पावली राज्याबाहेर गेला, त्याला हाकलावेही लागले नाही.

मग पहिली घागर आली. रिवाजाने ती सोनकीपुढे धरली, तशी ती मागे सरली. "तो मान आता माझा नाही."

राजाने घागर स्वतःच्या हातात घेतली. कड्याकडे तोंड करून, सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात तो म्हणाला, "हा कडा सोनकी पाथरवटिणीने वाचवला. पहिली घागर तिची."

 सोनकीने डोळे मिटून घेतले.

"हुं."

असा हुंकार ना आधी कोणी ऐकला होता, ना नंतर. नदीपार धुणी वाळत घालणाऱ्या बायकांनीही तो ऐकला. सोनकीने घागर भरून डोक्यावर घेतली आणि ताठ मानेने गावात गेली.

कहाणी संपली, कड्याला पटली. तुम्हाला पटली असेल, तर हुं म्हणा.