दिवसाची ओटी

तुराजी कोंबड्याच्या कानात एक फार जुना आवाज होता. वेशीच्या दगडांवर वाजलेल्या जोडव्यांचा. खण्ण, खण्ण, आणि मध्येच लाजून थांबल्यासारखा.

त्या राज्यात दिवस म्हणजे लेकी होत्या, दूरदेशी दिलेल्या. प्रत्येकीने वर्षातून एकदा माहेरी यायचं, उजाडताना वेशीतून आत शिरायचं आणि मावळतीला निघायचं. त्यांना आणायला जायचा मान तुराजीचा. तो साऱ्यांचा मुऱ्हाळी होता. लेक निघाली की, तिच्या दिवशी ज्या दारी जे घडलं असेल ते त्या दारचे लोक तिच्या ओटीत घालत. ओटीत पडलेलं सांडायचं नाही, अशी रीत होती. आणि जिला वेशीतून परत पाठवलं ती पुन्हा कधी यायची नाही. अशा एकदोघी होत्या म्हणतात. त्यांची नावंसुद्धा आता कुणाला आठवत नव्हती.

तुराजीच्या कानात जिची जोडवी होती तिला बहिणी भाकडी म्हणत. तिच्या वाट्याला काही घडलंच नव्हतं. रिकाम्या पदराने यायची, रिकाम्या पदराने जायची. म्हणून तर जोडवी एवढी वाजायची. तुराजी तिला वाटेत हळूच म्हणायचा, "ताई, घडेल गं एखाद्या वर्षी."

आणि एका वर्षी घडलं. वरच्या आळीत रान जाळून बैलांचं पहिलं शेत मोकळं झालं. बैलांनी हर्षाने तिच्या ओटीत भाताचं बियाणं घातलं. त्याच दिवशी, उताराखालच्या आळीत, सुगरणींची घरटी जळाली. विणाआजी त्यांच्यात थोरली. तिच्यापाशी काही उरलं नव्हतं, पण माहेरवाशिणीला आपल्या दारातून रिकामी कशी धाडायची? तिने चोचीने राख वेचून आणली आणि ओटीत घातली.

त्यानंतर दर वर्षी सकाळी वरच्या आळीत हलगी वाजे, आणि दुपारी ती लेक खालच्या बाभळीखाली सुगरणींपाशी गप्प बसून येई. दोन्हीकडून ओटी भरत राहिली. पाऊल जड झालं. जोडवी वाजेनाशी झाली.

यंदा मात्र वरच्या आळीने मोठा घाट घातला होता. शिंगं रंगवली, गोंडे बांधले, झेंडूच्या माळा वेशीवर इतक्या चढवल्या की वेस वाकते की काय असं वाटावं. तुराजीला तर आनंदाने अन्न सुचेना. आपली भाकडी ताई, आणि तिच्यासाठी एवढा थाट! पहाटे तो असा आरवला की मधेच त्याचा आवाज फुटला.

"म्हाताऱ्या, तुझंच लगीन आहे का रे?" एक गोऱ्हा ओरडला आणि सगळी आळी हसली. तुराजीही हसला.

उजाडलं. ती आली. दोन्ही हातांनी ओटी सावरत, हळूहळू. हलगी कडाडली. तुराजी तुरा ताठ करून पुढे चालत होता. तेवढ्यात बैलांचा पाटील पवळोजी वेशीत आडवा झाला.

"ये बाई, ये. तू आमची. पण ती राख तेवढी बाहेर झाड. आजच्या दिवशी ती आत नको."

"आणि नाही झाडली तर?" तिने विचारलं.

"तर मग वेस मोठी नाही आमची."

हलगी थांबली. वेशीजवळच्या बाभळीवर सुगरणी येऊन बसल्या होत्या. एक जण चिवचिवली, तसा पवळोजीने वर पाहिलं.

"आज तरी गळा काढू नका गं!"

"गळा आमचा आहे, पवळोजी," विणाआजी म्हणाली. "तुम्ही आपली शिंगं सांभाळा. रंग ओला आहे."

एवढी वर्षं आणलेली बहीण आता इथूनच परत जाणार, आणि मग कुठेच नसणार. तो पंख फडफडवत पुढे झाला. "पाटील, मुऱ्हाळ्याने आणलेली लेक वेशीत अडवतात का?"

"तुझं आरवून झालं ना? मग बाजूला हो."

"दादा, राहू दे," ती म्हणाली. मग पवळोजीकडे वळली. "ओटी सांडायची रीत नाही. पण जो भरतो त्याला त्यातलं थोडं परत द्यायची रीत आहे. तुमचं तुम्हाला देते. काहीतरी पसरा."

बैलांना आनंद झाला. पवळोजीने अंगावरची जरीची झूल उतरवून पसरली. विणाआजीने बाभळीखाली पळसाचं पान ठेवलं. मग लेकीने आजवर कधीच न उलगडलेला पदर उलगडला. एक मूठ झुलीवर ठेवली. एक पानावर.

तुराजी मान लांब करून आधी झुलीपाशी गेला, मग पानापाशी, आणि पुन्हा झुलीपाशी आला. झुलीवर राख होती, आणि राखेत भात रुजून कोवळे हिरवे कोंब आले होते. पानावरही तेच. झुलीवरच्या एका दाण्याला गवताच्या काडीची अर्धी जळालेली गाठ अडकली होती, सुगरणीच मारतात तसली. कोंब त्या गाठीतूनच वर आला होता.

पवळोजीने राख उडवायला फुंकर घातली. राख उडून त्याच्याच ओल्या शिंगांवर बसली. गाठ काही सुटली नाही. तो त्या गाठीकडे बघत राहिला. हलगीवाल्याने काठी उचलली, पण कोणता ठेका धरावा ते त्याला सुचेना. काठी तशीच हातात राहिली.

वेशीत आता कुणी आडवं नव्हतं.

तिने पदर पुन्हा खोचला आणि हलक्या पावलाने आत चालू लागली. खण्ण, खण्ण.