पोकळ घराचा निवाडा

झाडं अजून धुक्याशी बोलत असत, त्या काळी बेहड्याच्या एका ढोलीत म्हातारी धनेशआजी राहायची. तिला कमी दिसायचं आणि पंखांतही फारसं बळ उरलं नव्हतं.

एके सकाळी सुतारपक्षी आला. त्यानं खोडावर चोच वाजवली आणि मान हलवली. "आजी, ऐकलंत? आतून पोकळ वाजतंय. एखाद्या दिवशी घर खाली येईल."

आजी घाबरली. मग सुतार रोज यायचा, खोडावर चार टोले मारायचा आणि दुरुस्तीचा मोबदला म्हणून आजीच्या वाटणीची उंबरं घेऊन जायचा. उंबरं संपली, तरी घर पोकळच वाजत राहिलं. उपाशी आजीला पाहून शेजारच्या शेकरूनं रानाचा न्याय करणाऱ्या गव्याकडे फिर्याद नेली.

निवाड्याच्या दिवशी धुकं इतकं दाट होतं, की गव्याची नुसती शिंगंच दिसत होती.

"मी खोटं बोललो नाही," सुतार म्हणाला. "कुणीही वाजवून बघावं."

"मग तुझं घर वाजव," गवा म्हणाला.

सुतारानं आपलं घर असलेल्या सावरीच्या खोडावर चोच मारली. तोच पोकळ आवाज धुक्यात तरंगत गेला. ढोलीतून त्याच्या म्हाताऱ्या आईनं कापरी मान बाहेर काढली. "अरे, आपलंही घर पडायला आलं का रे? आता मी कुठं जाऊ?"

सगळं रान ऐकत होतं.

"नाही गं आई," सुतार हळूच म्हणाला. "पोकळ आहे, म्हणून तर आपण आत राहतो."

गवा उठला. "हेच आजीला सांगून ये," तो म्हणाला, "आणि रिकाम्या चोचीनं जाऊ नकोस."