पारडी बदलून पाहा

आमच्या बाजारात तानूबाईची मिरची जास्त तिखट की जीभ, यावर पैजा लागायच्या. एका बाजाराच्या दिवशी उत्तमरावांच्या ट्रॅक्टरनं तिची टपरी चिरडली. बाईचा संसार त्याच टपरीवर. तपासाला आले फौजदार रणदिवे, उत्तमरावांचे सख्खे मेव्हणे! त्यांनी लिहून टाकलं, "टपरी वाऱ्यानं पडली."

बाई कोर्टात गेली. आम्ही व्यापारी मागच्या बाकांवर.

रणदिवे छाती काढून म्हणाले, "साहेब, नातं घरी, कर्तव्य ठाण्यात. माझा तपास मी पुन्हा तपासलाय. तराजूच्या काट्यासारखा सरळ आहे!"

"तराजूचंच काढलंत, तर ऐका दादा," तानूबाई म्हणाली. "गिऱ्हाइकाला शंका आली, की मी पारडी बदलून तोलते. तराजू खरा असेल तर वजन तेच भरतं. तुमचा तपास खरा असेल, तर दुसऱ्यालाही वाराच सापडेल. सापडू द्या की!"

न्यायाधीश हसले. "फौजदार, हरकत आहे?"

हरकत घ्यावी, तर रणदिव्यांचा तराजूच खोटा ठरत होता!

तपास परक्या अधिकाऱ्याकडे गेला, अहवाल थेट कोर्टात. त्या दिवशीच्या वाऱ्याला उत्तमरावांचा ट्रॅक्टर चालवता येत होता, असं निघालं! भरपाईतून नवी टपरी उभी राहिली. आता उत्तमराव ट्रॅक्टरवरून बाजारात आले, की तानूबाई मिरचीवर फडकं टाकते आणि ओरडते, "सांभाळा गं, वारा सुटला!"