खोट्या हाकेचं लुगडं

उंबरटाकीच्या डोंगराला पूर्वेकडून पाहिलं तर त्याचं अर्धं अंगच नाही. लाल कडा सरळ खाली उतरतो आणि पायथ्याला घराएवढ्या दगडांची रास दिसते. त्या राशीखाली जुनं गाव आहे, असं गावचे गुरव पाहुण्यांना सांगतात.

त्या जुन्या गावात ठकाई नावाची धनगरीण होती. मेंढरांमागे तिने सगळा डोंगर पायाखाली घातलेला. त्याचं दुखणंखुपणं तिला कळायचं म्हणे. एका आषाढात वरचा झरा गढूळ झालेला पाहून, डोंगर खचणार अशी हाक देऊन तिने गाव बाहेर काढलं. तीन दिवस माणसं समोरच्या माळावर भिजत राहिली. डोंगर काही हलला नाही. सगुणा नावाच्या एका बाईचं तान्हं मात्र गारठून गेलं. तेव्हापासून ठकाईशी कुणी बोलेना.

पुढच्या वर्षी आठ दिवस झड लागली होती. सकाळी ठकाई झऱ्यावर गेली, तर झरा कोरडा. एवढ्या पावसात पाणी गेलं कुठे? वर चढून पाहते तो गवतातून हातभर रुंद भेग गेलेली. हाक द्यावी, आणि पुन्हा काही झालं नाही तर? गप्प बसावं, आणि झालं तर? देवळापर्यंत उतरेतो तिचं मन ठरत नव्हतं, असं सांगतात. शेवटी तिने घंटा बडवली.

माणसं जमली. गावचा कारभारी येसबा म्हणाला, "डोंगर येणार, हे नक्की सांग."

"नक्की नाही सांगता येत," ठकाई म्हणाली. "पण झरा आटलाय, वर भुई फाटलीय. मला भ्या वाटतंय."

कुणी जागचं हलेना. येसबा हसून माघारी वळला. तेवढ्यात सगुणा पुढे आली. ठकाईला तिच्याकडे बघवेना.

"माझं गेलं ते गेलं," सगुणा म्हणाली. "आता दुसरीचं जायला नको. चला." आणि तिने शेजारणीचं पोर उचलून कडेवर घेतलं.

तिच्यामागे गाव निघालं. येसबा आणि चार घरं तेवढी मागे राहिली. दुपारी माळावरून लोकांना दिसलं, डोंगरावरची झाडं उभीच्या उभी खाली सरकताहेत. आवाज नंतर आला. तो थांबला तेव्हा गाव नव्हतं.

माळावर नवी घरं बांधली, तेव्हा सगुणेनेच गावाकडून वचन घेतलं म्हणे: हाक देणाऱ्याला 'नक्की का' असं विचारायचं नाही, आणि हाक खोटी ठरली, तर गावाने त्याचा लुगडं नाहीतर पागोटं देऊन मान करायचा.

आजही उंबरटाकीत हाक आली की माणसं भरल्या ताटावरून उठतात. गुरवांच्या हयातीत अशा अकरा हाका झाल्या. अकराही खोट्या. बाराव्या मानाचं लुगडं देवळात घडी घालून तयार आहे.