अधरवाडीचा तरंगता खडा

एका गावात एक भोळा गडी राहत होता. नाव त्याचं म्हाळू. गाव मात्र अजिबात भोळं नव्हतं. एकजात व्यापारी! शेजारणीला विरजण दिलं, तरी वाटी आपलीच परत आली ना, हे उलटीपालटी करून बघणारे.

गावाचं नाव अधरवाडी, कारण गाव हवेत होतं. खाली दलदल, वर गाव, मधे नुसता वारा. गावच्या पारावर एक तरंगता खडा बसवलेला होता आणि त्याच्या जोरावर घरंदारं, गुरंढोरं सगळी अधांतरी सुखात नांदत होती. पण खडा झाला म्हातारा. झिजला. गाव खाली खाली येत दलदलीला टेकलं. अगदी काठावरचं घर म्हाळूचं. त्याची बायको चिमा, तिच्या चुलीत आधी चिखल आला, मग बेडूक आले. नवा खडा आला नाही तर सगळं गाव चिखलात जाणार, हे सांगायला जोशी नको होता.

नवा खडा मिळायचा धुराच्या डोंगरावर, तिथल्या म्हातारीकडे. गावचे मुखिया भानाशेट आधी स्वतः गेले. त्यांनी खडा हातात घेतला मात्र, त्याची झाली गारगोटी.

म्हातारी म्हणाली, "शेट, कपटी हातात हा माल टिकत नाही. एखादा भोळा माणूस धाडा."

गावात भोळ्या माणसाचा शोध सुरू झाला. फार शोधावं लागलं नाही.

निघताना चिमाने बजावलं, "अहो, देवळातला प्रसाद आणावा तसा जपून आणा हं."

म्हाळू गेला. म्हातारीने खडा दिला. पाण्यासारखा नितळ, पिसासारखा हलका. म्हाळूने प्रसाद घेतात तसा उघड्या तळहातावर घेतला आणि निघाला. चार पावलं गेला नाही तोच खडा उठला आणि भुर्रकन उडाला. म्हाळूने वर बघून हात जोडले आणि घर गाठलं.

"खडा कुठाय?"

"देवाला पोचला."

चिमाने कपाळावर हात मारला. "उडणारी वस्तू कुणी उघड्या हातावर आणतं का? मूठ घट्ट आवळायची!"

"एवढंच ना? आधी सांगायचंस की."

म्हाळू पुन्हा डोंगरावर गेला. म्हातारी म्हणाली, "हा डोंगर एका तऱ्हेचा खडा दोनदा देत नाही, बाबा. हा कोवळा आहे. दुधावरच्या सायीसारखा. पारावर बसला की टणक होईल."

"काळजी नको, आजी. या खेपेला शिकून आलोय," म्हाळू म्हणाला आणि त्याने मूठ अशी आवळली की बोटांच्या फटींतून खडा पचापचा बाहेर आला. उरलेला त्याने वाटेत चाटून टाकला. वाया कशाला घालवा!

घरी आल्यावर चिमाने विचारलं, "खडा कुठाय?"

"गोड होता."

चिमा खालीच बसली. चिखलात बसली, कारण दुसरीकडे बसायला जागा नव्हती. "अहो, नाजूक माल कापसात गुंडाळायचा. पोटाशी धरायचा. ऊब द्यायची!"

"आता बरोबर कळलं," म्हाळू म्हणाला.

तिसऱ्या खेपेला म्हातारीने दिला बर्फाचा खडा. हात लावला की बोटं बधिर व्हावीत असा. म्हाळूने तो कापसात गुंडाळला, सदऱ्याच्या आत पोटाशी धरला, वरून घोंगडी ओढून घेतली आणि भर दुपारी उन्हाउन्हाने चालत आला. वाटेत कुणी भेटलं की सांगे, "ऊब देतोय."

तो घरात शिरला तेव्हा सदऱ्यातून पाणी ठिबकत होतं. चिमाने या वेळी विचारलंच नाही. विचारलं भानाशेटनी.

"म्हाळ्या, खडा?"

"शेट, माझ्यापेक्षा त्यालाच जास्त घाम आला."

आता मात्र गावाचं धाबं दणाणलं. म्हातारीचा निरोप आला होता, डोंगरात एकच खडा उरलाय. चिमा रात्रभर विचार करत बसली आणि सकाळी नवऱ्याला समोर बसवून म्हणाली, "धनी, मूठ नको, कापूस नको, प्रसादही नको. खडा कसला का असेना, त्याला दोर बांधा. दुसरं टोक मनगटाला बांधा. आणि इथं पोचलात की पहिलं काम काय? दोर सोडायचा. तेवढं एक करा. डोकं चालवू नका."

"मी कधी चालवलंय?" म्हाळू म्हणाला. ते खरंच होतं.

आणि काय सांगावं, या खेपेला खडा आला! मनगटाला दोर, वर पतंगासारखा खडा आणि खाली म्हाळू, पाय जेमतेम जमिनीला लागताहेत. पोरं नाचली. बायकांनी ओवाळलं. चिमाच्या डोळ्यांत पाणी आलं. भानाशेटना इतकी घाई की त्यांनी स्वतःच कात्रीने मनगटाचा दोर कापला आणि खड्याला हात न लावता, नुसता दोर ओढत ते पाराकडे धावले.

नवा खडा फार जोरकस असतो. तो नीट बसून शांत होईपर्यंत गाव जाड चऱ्हाटाने दलदलीच्या काठावरच्या चिंचेला बांधून ठेवायचं, अशी तिथली रीत. चिंचेखाली उभं राहायचा मान खडा आणणाऱ्याचा.

"मी काय करायचं?" म्हाळूने विचारलं.

"काही नाही. नुसता उभा राहा," शेट म्हणाले.

खडा बसला. गाव चिखलातून सुळकन सुटलं आणि चिंचेच्या शेंड्याएवढं वर चढलं. चऱ्हाट ताणून करकरू लागलं. गावात ढोल वाजू लागले. खाली म्हाळू नुसता उभा होता. उभ्या उभ्या त्याला एकदम आठवलं. पोचलो तर खरं, पण पहिलं काम राहिलंच की! आपल्या मनगटाचा दोर तर शेटनी कापला. मग चिमा म्हणाली तो हाच असणार.

त्याने दातांनी ओढून, नखांनी उकलून, घाम गाळून चिंचेची गाठ सोडली.

गाव निघालं. पाखरांच्या वर गेलं, ढगाला भिडलं. काठावर वाकून चिमा जीव तोडून ओरडत होती, "अहो, दोर! दोर!"

म्हाळूचा ऊर भरून आला. त्याने तोंडाशी हात धरून वर हाक दिली, "सोडला गं, तू सांगायच्या आधीच सोडला! आता खाली ये, भूक लागलीय!"