समुद्राकडून आलेली दाद

एकदा एका जर्मन व्यापाऱ्याला कवी व्हावेसे वाटले. त्याचे नाव डेटलेफ. उत्तरेकडच्या एका बंदरात त्याचा कॉफीचा आणि इमारती लाकडाचा मोठा व्यापार होता. पन्नाशी उलटली तशी त्याने पेढी पुतण्याच्या हाती सोपवली आणि उरलेले आयुष्य कवितेला वाहिले. माणूस दिलदार. नगराला त्याने नाट्यगृह बांधून दिले, चित्रकारांना राहायला घरे दिली, होतकरू कवींची पुस्तके पदरमोड करून छापली. दर रविवारी त्याच्या दिवाणखान्यात मैफल भरे. डेटलेफ आपली कविता वाची आणि माना डोलत.

एका रविवारी वाचताना त्याच्या हातून दोन पाने एकदम उलटली गेली. कवितेचा मधला भाग गळाला, अर्थाला अर्थ उरला नाही. तरी दाद आली ती नेहमीसारखीच. एकाच्याही कपाळावर आठी उमटली नाही. त्या दिवसापासून डेटलेफला स्वतःच्याच दिवाणखान्याची भीती वाटू लागली. समोर डोलणारी माणसे त्याला दोरीवर वाळत घातलेल्या अंगरख्यांसारखी दिसत. हलताहेत, पण आत कोणी नाही.

लहानपणी त्याला अक्षरे शिकवणारे गुरुजी अजून हयात होते. समुद्रकाठच्या एका खेड्यात ते एकटेच राहत. डेटलेफ त्यांच्याकडे गेला, चार कविता ऐकवल्या आणि आपण खरोखर कवी आहोत का, असे विचारले.  उद्या सकाळी ओहोटी लागली की माझ्याबरोबर चल, एवढेच गुरुजी म्हणाले.

त्या किनाऱ्यावर ओहोटीला समुद्र कोसभर मागे हटतो आणि राखाडी चिखलाचे मैदान उघडे पडते. लोक त्यावरून चालत जातात, पण भरतीच्या आत परततात. कारण तिथले पाणी नुसते समोरून येत नाही. ओहोळांतून गुपचूप शिरते आणि माणसाला वेढून टाकते. दोघे बरेच आत गेले, तोच धुके उतरले. आधी किनाऱ्यावरचा मनोरा पुसला गेला. मग शेजारी चालणारे गुरुजी दिसेनासे झाले.

डेटलेफने हाका मारल्या. उत्तर नाही. तो चहूकडे वळून पाहू लागला आणि त्या वळण्यातच त्याची दिशा हरवली.

"किनारा इकडेच असणार," स्वतःला धीर देण्यासाठी तो मोठ्याने म्हणाला.

"इकडेच असणार," समोरून आवाज आला. मृदू, आर्जवी, कुठेतरी ऐकल्यासारखा.

डेटलेफ हायसे वाटून निघाला. तेवढ्यात पाठीमागून काहीतरी चिरकले. माणूस की समुद्रपक्षी, कळू नये असा तो स्वर होता.

"नाही."

"मी बरोबर चाललोय ना?" डेटलेफने समोर विचारले.

"बरोबर चाललोय," मृदू आवाज म्हणाला.

"नाही," पाठीमागून पुन्हा आले. डेटलेफला त्या रुक्षपणाचा राग आला. त्याने पावले उचलली. पाणी घोट्याला लागले, मग गुडघ्याला. आवाज तेवढ्याच प्रेमाने बोलावत होता. आणि अचानक त्याच्या अंगावर काटा आला. त्या आवाजाने अजून एकही शब्द स्वतःचा उच्चारला नव्हता.

तो वळला. मांड्यांपर्यंत चढलेल्या पाण्यातून त्या कर्कश "नाही"च्या रोखाने धडपडत निघाला. मागून ती गोड हाक येतच राहिली. अखेर एका हाडकुळ्या हाताने त्याचे मनगट पकडले.

किनाऱ्याच्या बांधावर पोहोचल्यावर, दात वाजत असतानाच, त्याने गुरुजींना विचारले, की हाक मारून सरळ 'इकडे ये' का नाही म्हणालात? आणि तो तिकडचा आवाज प्रतिध्वनीच होता ना?

गुरुजी म्हणाले, "प्रतिध्वनीला आदळायला भिंत लागते. त्या मैदानात भिंत कुठे आहे? तो कोणाचा आवाज, हे इथे कोणालाच ठाऊक नाही. एवढेच ठाऊक आहे, की वाट चुकलेला माणूस बोलेल तेच तो बोलतो आणि समुद्राकडून बोलतो. मी 'इकडे' म्हटले असते, तर 'इकडे' तोही म्हणत होता. दोन सारख्या हाकांतली गोड हाक तू निवडली असतीस. म्हणून तुझ्या तोंडात नसलेला शब्द मी धरून ठेवला. तू कवी आहेस की नाही, ते मी कसे सांगू? पण तुझ्या घरात तो शब्द उच्चारणारे कोणी आहे का? कलावंतांना तू आसरा दिलास, हे पुण्याचेच काम. पण त्या बदल्यात त्यांचा नकार तू काढून घेतलास."

डेटलेफने खाली मान घातली.

परतल्यावर त्याने नाट्यगृह आणि चित्रकारांची घरे नगरसभेच्या स्वाधीन केली. पैसा तोच पुरवीत राहिला. मात्र कोणालाही त्याच्या दारी यायची गरज उरली नाही. रविवारची मैफल ओस पडली.

हिवाळा सरता सरता गेशे नावाची एक शिल्पकार बाई त्याच्याकडे आली. त्याची नवी कविता तिने शांतपणे ऐकली आणि शेवटच्या चार ओळी नकोत, असे सांगितले. डेटलेफची कानशिले तापली. त्याने तिला कॉफीसाठी थांबायची विनंती केली. काम आहे म्हणून ती निघून गेली.

बऱ्याच वेळाने त्याने त्या चार ओळी खोडल्या आणि राहिलेली कविता एकट्यानेच मोठ्याने वाचली. तिच्यातला आवाज त्याला समुद्राकडच्या त्या हाकेसारखा ओळखीचा वाटला नाही. तो थांबला आणि मग, कितीतरी दिवसांनी, निर्धास्तपणे पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचू लागला.