आत्याच्या तोंडचं नाव

एका राज्यात एका सकाळी एका मुलानं हाकेला मान वळवली नाही. एवढंच झालं. राणीनं दुधाची वाटी घेऊन चौकातून हाक मारली, आणि दोन वर्षांचा राजपुत्र मुंग्यांची रांग बघत तसाच बसून राहिला. खेळात रमलाय, असं म्हणून दासी हसल्या. राजाची धाकटी बहीण धोंडाई मात्र हसली नाही. भांडं पडलं तरी जिचं काळीज लक्कन हलायचं, तिला ती न वळलेली मान दिवसभर दिसत राहिली.

तिसऱ्या दिवशी राजपुत्राची पावलं दगडाची झाली.

वैद्य आले, मांत्रिक आले, कुणाचं काही चालेना. दगड रोज एक बोट वर चढू लागला. आणि धोंडाईला एकटीला ठाऊक होतं, की चूक तिची आहे.

त्या राज्याची रीत अशी, की बारशाला नाव आत्यानं ठरवावं, आत्यानंच बाळाच्या कानात सांगावं, आणि तोवर ते कुणाला कळू नये. धोंडाईनं नाव ठरवलं होतं. साधंच, एखाद्या गुराख्याच्या पोराचंही असेल असं. पण ती पाळण्यावर वाकली, रिवाजाप्रमाणे बायकांचा पहिला धपाटा तिच्या पाठीत बसला, आणि ती अशी दचकली की ठरवलेलं नाव ओठांतच राहिलं. शास्त्रीबुवांनी हळूच कागद पुढे सरकवला. त्यावरचं तिनं घाईघाईनं वाचून टाकलं : दिग्विजयप्रतापादित्य. राजा खूश झाला, शास्त्रीबुवा त्याहून खूश झाले. ते नाव पुरतं घेईपर्यंत मूल रांगत दुसऱ्या दालनात जाई, ही गोष्ट वेगळी.

दगड गुडघ्यापर्यंत आला त्या दुपारी कठड्यावर एक टिटवी येऊन बसली आणि माणसाच्या वाणीनं बोलली. धोंडाई दोन पावलं मागे सरली.

“घाबरटच आहेस,” टिटवी म्हणाली. “मला कुणी नाव दिलं नाही, म्हणून माझं मीच ओरडत फिरते. तुझ्या भाच्याला दिलेलं नाव मात्र चोरीला गेलंय. चल.”

मग टिटवीनं हत्तीएवढं रूप घेतलं आणि तिला पाठीवर घेऊन ती उडाली.

काळ्या डोंगरातल्या गुहेत नावचोर राहत असे. गुहाभर मडकी मांडलेली, मडक्यांची तोंडं फडक्यांनी बांधलेली, आणि प्रत्येकात एकेक नाव माशीसारखं गुणगुणत असलेलं.

“चोरी कसली?” नावचोर शांतपणे म्हणाला. “ज्या नावामागे कुणाचं मन नाही, ते बेवारस. बेवारस धन माझं. दगड गळ्याशी पोचला, की मुलाला हाक ऐकूनही ओ देता येणार नाही. तीन मुलखांत जा. माणसं नावं का ठेवतात, विचारून ये. तीन उत्तरं दे, मडकं ने.”

टिटवीनं तिला आधी समुद्रकाठी उतरवलं. तिथं एक म्हातारी कालवं फोडत बसली होती आणि एका नागड्या नातवावर मोठमोठ्यानं ओरडत होती. धोंडाईनं विचारलं. म्हातारी लाजली. नातवाला आजोबाचं नाव ठेवायची त्यांच्यात चाल होती. नवरा होता तोवर त्याचं नाव तोंडानं घेता आलं नाही, म्हणाली, आता दिवसभर घेते, आणि वर शिव्याही देते.

मग वाळूचा मुलूख आला. तिथल्या उंटवाल्याच्या मुलीचं नाव त्यांच्या बोलीत ढग असं होतं. ती जन्मली त्या दिवशी आभाळात एक ढग दिसला होता. पाऊस पडला का, असं धोंडाईनं विचारलं. नाही पडला, तो म्हणाला. पण सगळ्या तळानं बाहेर येऊन तो पाहिला, आणि त्या दिवशी तिची आई हसली होती.

शेवटी बर्फाचे पहाड. तिथं एक बाई उन्हात बाळाला तेल चोळत होती. बाळाचं नाव केर. धोंडाईला हसू आलं, आणि लगेच वाईट वाटलं.

“आधीची दोन गेली,” बाई म्हणाली. “मरण चांगल्या नावाची पोरं उचलतं. केराला कोण हात लावतं?”

धोंडाईच्या आधी राजवाड्यात दोन राजकन्या होऊन गेल्या होत्या, एवढं तिला माहीत होतं. धोंडा म्हणून मैत्रिणी चिडवायच्या तेव्हा ती आईशी अबोला धरायची, आणि आई काही न बोलता तिचे केस विंचरत राही. त्या बाईच्या तेलकट हातांकडे ती बराच वेळ बघत राहिली.

“तुझं नाव काय, ताई?” बाईनं विचारलं.

“धोंडाई,” ती म्हणाली. पहिल्यांदाच मान वर करून म्हणाली.

नावचोरानं तिन्ही उत्तरं ऐकली आणि वचन पाळलं. मडक्याचं फडकं सुटलं. आत ते लांबलचक नाव होतं, पण हातावर घेतलं तर वाळल्या पानाइतकंही वजन नव्हतं.

धोंडाईनं ते परत मडक्यात ठेवलं. “हे राहू दे तुमच्याकडे,” ती म्हणाली. “हे आमचं नव्हतंच.”

नावचोर कितीतरी वर्षांनी हसला आणि त्यानं वाट सोडली.

ती परतली तेव्हा दगड मुलाच्या छातीवर चढून गळ्याच्या एक बोट खाली आला होता. रिकामे हात पाहून राजाचा तोल गेला. धोंडाईनं सगळं सांगून टाकलं, कागदाचंही सांगितलं. शास्त्रीबुवा म्हणाले, की एकदा झालेलं बारसं पुन्हा होत नाही, शास्त्राला आधार नाही.

“दादा, पाळणा आणवा,” धोंडाई म्हणाली. “आणि वहिनी, तुम्ही माझ्या पाठीत धपाटा घाला. चांगला जोरात.”

पाळणा आला. मूल त्यात मावेना, तरी बसवलं. धोंडाई वाकली, राणीचा धपाटा पडला. ती दचकली. नेहमीसारखीच दचकली, पण वाकलेली ती वाकूनच राहिली. मुलाच्या कानात तिनं तीनदा कुर्रर्र केलं. मग सांगितलं, की तुझ्यासाठी तुझ्या आईनं नऊ वर्षं मीठ सोडलं होतं, आणि तिच्या शेजारी बसून मीही अळणी जेवत होते. म्हणून तुझं नाव हे. आणि नाव सांगितलं.

राणीनं तोंडाला पदर लावला.

धोंडाई दालनाच्या उंबऱ्यापर्यंत मागे गेली. तिथून तिनं हाक मारली.

“नवसाजी.”

काही झालं नाही. दगड गळ्याला टेकायला केसभर उरला. तिनं दुसऱ्यांदा हाक मारली. शास्त्रीबुवांनी डोळे मिटले. तिनं तिसऱ्यांदा मारली, कालवं फोडणारी म्हातारी नातवाला हाक मारायची तशी, पोटातून, सगळ्या वाड्याला ऐकू जाईल अशी.

दगड एक बोट खाली उतरला. मुलानं मान वळवली.

“ओ,” तो म्हणाला.